एकच प्रकरण, अकरा तालुके आणि प्रत्येकाची वेगळी पीडीएफ

केगावकर (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. गेल्या महिन्यात पेपर तपासायला कॅपला (विद्यापीठाच्या पेपर-तपासणी केंद्रावर) बसलो होतो. दुपारच्या चहाला भूगोलाचे चौघे एका बाकावर आलो. बार्शीचे सर, सांगोल्याचे सर, अक्कलकोटच्या मॅडम आणि मी. बोलता बोलता कळलं की फील्ड प्रोजेक्टच्या पोरांसाठी चौघांनीही उन्हाळ्याच्या सुट्टीत एकच काम केलंय. 'सोलापूर जिल्ह्यातलं पाणी आणि कोरडवाहू शेती', पंचवीस-तीस पानं, पंख्याखाली घाम गाळून. चौघांनी चार ठिकाणी. जिल्ह्यात तालुके अकरा. बाकीच्या सातांतही कुणीतरी हेच टाइप करत बसलं असणार.

गंमत पुढे. मोबाइलवर एकमेकांचं बघितलं तर माझ्या नोट्समध्ये उजनी धरणाची क्षमता ११७ टीएमसी (अब्ज घनफूट), सांगोलेकरांच्यात ५३. दहा मिनिटं जुंपली. मग मॅडम शांतपणे म्हणाल्या, "अहो, दोन्ही बरोबर आहे. एकूण साठा ११७, त्यातला उपयुक्त ५३ च्या आसपास." टक्के मोजतात ते उपयुक्त साठ्याचे. म्हणूनच पाणी त्याखालच्या मृतसाठ्यात उतरलं की पेपरात 'उजनी वजा वीस टक्के' असं छापून येतं आणि पोरं विचारतात, सर, धरण वजा कसं असतं? याचं उत्तर माझ्या नोट्समध्ये नव्हतं आणि सांगोलेकरांच्याही नव्हतं. दोन्ही शेजारी ठेवल्यावर सापडलं.

आता प्रश्न असा. या चार पीडीएफची एक करायची, ती कुठे ठेवायची, आणि पुढच्या वर्षी पाचव्याने सुधारली तर जुनी कोणती आणि नवी कोणती हे कसं कळायचं? फुकटात. आमच्या कॉलेजच्या कॉम्प्युटर लॅबची अवस्था सांगत नाही, उगाच डोळे पाणावतील.

---

शेंगाचटणी

व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप काढा की ओ सर. अख्खं सोलापूर तिथंच चाललंय.

---

केगावकर

आहेत की. सात आहेत. त्यातल्या पाचांत रोज सकाळी गुलाबाची फुलं येतात. मागच्या जूनमध्ये टाकलेली फाइल आज उघडायला गेलो तर 'पुन्हा पाठवायला सांगा' म्हणतंय. ज्याने टाकली होती त्याने फोन बदलला.

---

बार्शी_लाइट

मीच तो बार्शीचा. धाग्याला शुभेच्छा, पण मी माझी फाइल देणार नाही. का ते सांगतो.

तीन वर्षांपूर्वी हवामानशास्त्रावरच्या माझ्या नोट्स अशाच विश्वासाने एका ग्रुपवर टाकल्या. चाळीस पानं, आकृत्या हाताने काढलेल्या. सहा महिन्यांनी एका चर्चासत्रात जेवणाच्या रांगेत एक प्राध्यापक मला अभिमानाने त्यांची पुस्तिका दाखवतात. आकृती क्रमांक ७ मध्ये मी चुकून बाणाची दिशा उलटी काढली होती. त्यांच्या पुस्तिकेतही बाण उलटाच! नाव मात्र त्यांचं, आयएसबीएनसकट. बढतीच्या फाइलला त्यांना त्याचे गुण मिळाले. मला काय मिळालं? जेवण बरं होतं, एवढंच.

---

ग्रंथपाल_सातरस्ता

बार्शीकर सर, तुमचं दुःख खरं आहे, त्यावर येतेच. आधी एक कबुली मागते. तुम्हा चौघांपैकी एन-लिस्टचा (कॉलेजांसाठीच्या ई-ग्रंथालयाचा) पासवर्ड कुणाकडे आहे?

(उत्तराची वाट बघत नाही, मला माहीत आहे.)

मी अठरा वर्षं कॉलेजच्या ग्रंथालयात आहे. २०१० पासून गांधीनगरचं इन्फ्लिबनेट केंद्र ही एन-लिस्ट सेवा देतं. कॉलेजला वर्षाला जीएसटी धरून ५,९०० रुपये पडतात. त्यात सहा हजारांहून जास्त नियतकालिकं आणि लाखाच्या वर ई-पुस्तकं. प्रत्येक शिक्षकाला आणि विद्यार्थ्याला वेगळं लॉगिन ग्रंथपालाने काढून द्यायचं असतं, घरून उघडतं. मी दरवर्षी यादी लावते, वर्गात जाऊन सांगते. लॉगिन घेतात शंभर जण, वापरतात नऊ. त्या नवांतले चार नॅकची (कॉलेजचं मूल्यांकन करणारी) समिती यायच्या आठवड्यात.

दुसरं शोधगंगा, पीएचडी प्रबंधांचं ऑनलाइन भांडार. २००९ च्या यूजीसी नियमांपासून पीएचडीचा प्रबंध इलेक्ट्रॉनिक स्वरूपात द्यायचा असतो आणि तो तिथे सगळ्यांना खुला असतो, लॉगिनसुद्धा लागत नाही. केगावकर सर, कोरडवाहू शेतीवर आधी कुणी काय काम केलंय ते तिथे एकदा शोधा. नुसती संदर्भसूची वाचलीत तरी उन्हाळ्याची अर्धी सुट्टी वाचेल.

तिसरं 'वन नेशन वन सबस्क्रिप्शन', म्हणजे संशोधन नियतकालिकांची देशभरासाठी एकच वर्गणी. नोव्हेंबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने मंजूर केलं. तीन वर्षांसाठी ६,००० कोटी, ३० प्रकाशक, १३,००० च्या आसपास नियतकालिकं. जानेवारी २०२५ पासून चालू आहे. यात पहिल्यांदा केंद्र आणि राज्य सरकारच्या संस्था घेतल्या. त्यामुळे विद्यापीठाच्या आवारात जे उघडतं ते आमच्यासारख्या खाजगी अनुदानित कॉलेजात उघडेलच असं नाही. आपलं नाव यादीत आहे का ते ग्रंथपालांकडून तपासून घ्या. 'योजना देशाची आहे म्हणजे आपल्यालाही आहे' असं धरून चालू नका.

पण यातलं बहुतेक सगळं इंग्रजीत आहे. आणि तुमच्या वर्गातल्या पोराला हवंय मराठीत. ते कुठलंही केंद्र पाठवणार नाही, ते तुम्हा चौघांनीच करायचं.

---

शेंगाचटणी

ताई एक नंबर. 'समिती यायच्या आठवड्यात' वाचून आमच्या स्टाफरूममध्ये हशा पिकला, आणि मग कुणीच कुणाकडे बघेना.

---

एसटीपास

मी विद्यार्थिनी आहे, एस.वाय.ला. मंगळवेढा तालुक्यातल्या गावावरून रोज सोलापूरला ये-जा करते. सरांच्या धाग्यावर बोलावं का कळत नव्हतं.

आम्हाला नोट्स मिळत नाहीत असं नाही, लई मिळतात. पण एक फाइल १४० एमबीची असते, कारण वहीची पानं मोबाइलने फोटो काढून चिकटवलेली असतात. अंगठाही दिसतो कधी कधी. एसटीत रेंज येते-जाते, अर्ध्यात डाउनलोड तुटतं. त्यात शब्द शोधता येत नाही. 'पर्जन्यछाया' कुठे आहे बघायचं तर साठ पानं सरकवायची. व्हिडिओचंही तेच. ४५ मिनिटांच्या व्हिडिओत पाहिजे ती दोन मिनिटं कुठे आहेत ते कोण सांगणार? रोजचा डेटा दीड जीबी, तो घरी भावालाही हॉटस्पॉटने द्यायचा असतो.

आणि एक. फाइलचं नाव 'न्यू डॉक्युमेंट ३ फायनल' असतं. माझ्या फोनमध्ये अशा अकरा आहेत.

---

केगावकर

ताई, बोलावंच. 'न्यू डॉक्युमेंट ३ फायनल' माझीच असण्याची दाट शक्यता आहे.

---

कडकभाकरी_डॉट_सी

विजापूर रोडवरून नमस्कार. इंजिनिअरिंगचा आहे, त्यामुळे भूगोलाच्या भांडणात फक्त हत्यारं पुरवतो.

१४० एमबीचा रोग सोपा आहे. फोटोतून मजकूर काढायचा. गूगल ड्राइव्हवर पानाचा फोटो चढवा, त्यावर 'डॉक्सने उघडा' करा, खाली मराठी मजकूर येतो. छापील पान असेल तर बऱ्यापैकी बिनचूक. हस्ताक्षर असेल तर देव तारी. तीस पानांचा नुसता मजकूर एक एमबीच्या आत बसतो.

आमच्याकडे हे भांडण नाही कारण आमची पोरं प्रोजेक्ट गिटहबवर ठेवतात. कुणी, कधी, कोणती ओळ बदलली हे तिथे आपोआप दिसतं. बार्शीच्या सरांचा उलटा बाण तिथे असता तर तारखेसकट पुरावा होता. पण भूगोलाच्या सरांना गिटहब शिका म्हणणार नाही, पाप लागेल. साध्या गूगल डॉक्समध्येही 'आवृत्ती इतिहास' असतो, तो वापरा.

प्रात्यक्षिकांसाठी व्हर्च्युअल लॅब्ज आहेत, आयआयटीवाल्यांनी केंद्राच्या पैशातून बनवलेल्या, फुकट. आयआयटी मुंबईचे स्पोकन ट्युटोरियल मराठी आवाजातही आहेत, दहा-दहा मिनिटांचे, ऐकता ऐकता शेजारी करून बघायचं. माझ्या बहिणीने त्यावरून लिबरऑफिस शिकलं. ती कला शाखेची.

---

सीमेवरची_मॅडम

मी अक्कलकोटची. माझी फाइल द्यायला मी तयार आहे, पण ती कुणाला वाचता येणार नाही!

हसू नका. माझ्या नोट्स २०११ पासून साठलेल्या आहेत. निम्म्या श्रीलिपीत, काही डीव्हीबी-टीटी सुरेखमध्ये (दोन्ही जुने फाँट), कारण तेव्हा डीटीपीवाल्याकडे तेच होतं. आज ती फाइल दुसऱ्याच्या संगणकावर उघडली की टिंबं डोक्यावर घेतलेली परदेशी अक्षरं दिसतात. पीडीएफ केली तर डोळ्यांना दिसते, पण कॉपी करून पेस्ट केली की पुन्हा तोच परदेश. शोध लागत नाही, दुरुस्ती होत नाही. अंध विद्यार्थ्याचा फोन ती वाचून दाखवू शकत नाही. आमच्या वर्गात असा एक मुलगा होता. त्याला मी अख्खं प्रकरण फोनवर रेकॉर्ड करून दिलं. तेव्हा युनिकोडचं (कुठल्याही फोन-संगणकाला वाचता येणाऱ्या अक्षरपद्धतीचं) महत्त्व कळलं, कार्यशाळेच्या प्रमाणपत्राने नाही कळलं.

मराठीत सामायिक साहित्य का साठत नाही याचं मला तरी हेच कारण सगळ्यात मोठं वाटतं. मास्तर आळशी नाहीत. वीस वर्षांचं काम चुकीच्या फाँटच्या कपाटात कुलूपबंद आहे. परिवर्तक मिळतात नेटवर, पण जोडाक्षरं आणि रफार हमखास बिघडतात, बसून तपासावं लागतं. मी रोज रात्री दोन पानं करते आहे. ३१ पानांपैकी १८ झाली.

आणखी एक. आमच्या पोरांपैकी निम्म्यांच्या घरी कन्नड. शहरात पूर्व भागात गेलात तर तेलुगू. त्यामुळे 'कोरडवाहू' म्हणजे काय हे मला आधी त्यांच्या शब्दांत सांगावं लागतं. चौघांच्या फाइलमध्ये कन्नड-तेलुगू शब्दांची एक यादी घालणार असाल तर मी लगेच आत आले.

---

काळाकोट

वकील आहे, कॉलेजात अर्धवेळ शिकवतो. फुकट सल्ला, त्यामुळे त्याच किमतीचा समजावा.

बार्शीकर, नोट्स तुम्ही लिहिल्या त्या क्षणी १९५७ च्या कॉपीराइट कायद्याने हक्क तुमचा झाला, नोंदणी लागत नाही. अडचण अशी की फाइलवर तुम्ही नावही घातलं नव्हतं आणि काय करायला परवानगी आहे हेही लिहिलं नव्हतं. उघड्यावर ठेवलेली चादर कुणीतरी पांघरतोच.

उपाय क्रिएटिव्ह कॉमन्स परवाना. पहिल्या पानावर दोन ओळी. 'बीवाय' म्हणजे नाव द्यावंच लागेल. 'एसए' म्हणजे यात भर घालून नवं केलंत तर तेही याच अटीवर खुलं ठेवायचं. एनपीटीईएलचं (आयआयटीवाल्यांच्या ऑनलाइन अभ्यासक्रमांचं) साहित्यही याच बीवाय-एसए अटीवर आहे. 'एनसी' जोडलंत तर धंद्यासाठी वापरता येणार नाही.

आणि सगळ्यांना हात जोडून, बाजारातली पुस्तकं अख्खी स्कॅन करून ड्राइव्हवर टाकू नका. दिल्ली विद्यापीठातल्या झेरॉक्स दुकानाच्या खटल्यात २०१६ मध्ये उच्च न्यायालयाने कलम ५२ चा आधार देऊन विद्यार्थ्यांच्या बाजूने कौल दिला, हे सगळे सांगतात. पण तो विषय शिकवण्याच्या ओघात केलेल्या छायाप्रतींचा होता. सगळ्या जगाला लिंक उघडी ठेवणं वेगळं.

---

बार्शी_लाइट

एनसी पाहिजेच. नाहीतर कॉलेजसमोरचा झेरॉक्सवाला माझ्या नोट्स ऐंशी रुपयांना स्पायरल करून विकणार.

---

जुनी_मिल

विकू दे की!

मी १९९८ ला निवृत्त झालो, अर्थशास्त्र शिकवायचो. आमच्या वेळी सायक्लोस्टाइल होतं. स्टेन्सिल कापायची, शाई लावायची, दोनशे प्रती झाल्या की शर्टाची बाही निळी. मिलमधल्या बदली कामगारांची पोरं संध्याकाळच्या वर्गाला यायची, त्यांना एक प्रत तिघांत. माझ्या नोट्सवर नाव नसायचं आणि त्या पंढरपुरापर्यंत गेल्या हे मला दहा वर्षांनी एका बँक मॅनेजरने सांगितलं. पुस्तक हवं असलं की हिराचंद नेमचंद वाचनालय. तिथे दोन वेगवेगळ्या कॉलेजांचे मास्तर एकाच टेबलावर बसायचे आणि एकमेकांचे प्रश्नसंच बघायचे. आता म्हणे त्याला 'कोलॅबोरेशन' म्हणतात.

झेरॉक्सवाल्याने छापलं तर ज्या पोराकडे फोन नाही त्याच्या हातात कागद जाईल. त्याने ऐंशी लावले तर दुसरा साठ लावेल, कारण फाइल दोघांकडे आहे. नाव तेवढं पहिल्या पानावर राहू द्या.

---

बार्शी_लाइट

काका, तुमच्याशी वाद घालायची माझी टाप नाही. पण बढतीच्या फाइलला निळी बाही चालत नाही ना. मला पुरावा लागतो.

---

ग्रंथपाल_सातरस्ता

तो मिळतो, म्हणून तर तुमच्यावर येते म्हटलं होतं. झेनोडो नावाचं भांडार आहे. युरोपातली सर्न ही संशोधन संस्था चालवते, २०१३ पासून, फुकट, एका नोंदीला ५० जीबीपर्यंत. फाइल चढवलीत की तिला डीओआय, म्हणजे कायमचा ओळखक्रमांक, मिळतो. लेखक चौघे असतील तर चौघांची नावं, परवाना, तारीख सगळं नोंदीत. पुढच्या वर्षी सुधारलीत की नवी आवृत्ती, जुनीही जागेवर राहते, आणि सगळ्या आवृत्त्यांना मिळून एक कायमचा क्रमांक असतो. केगावकरांचा 'जुनी कोणती, नवी कोणती' हा प्रश्न तिथे मिटतो.

मूल्यमापन समिती त्याला किती गुण देईल त्याची हमी मी देत नाही. पण उलटा बाण कुणाचा, हे सिद्ध होईल.

---

केगावकर

लिहायला गूगल डॉक्स आणि तयार झालेली प्रत झेनोडोवर, असं दिसतंय. मग कॉलेजच्या ड्राइव्हचं काय? आमच्याकडे अधिकृत आयडी आहेत.

---

कडकभाकरी_डॉट_सी

सर, सावध. एका कॉलेजची गोष्ट, नाव नको. लॉकडाऊनमध्ये तिथल्या भौतिकशास्त्राच्या मॅडमनी दोनशेच्या वर व्हिडिओ केले, सगळे कॉलेजच्या आयडीवर. इतर कॉलेजची पोरंही बघायची. मॅडम निवृत्त झाल्या. कार्यालयाने नियमाप्रमाणे आयडी बंद करून काढून टाकला. त्यात गूगलने २०२२ पासून शैक्षणिक खात्यांची अमर्याद साठवण बंद करून संस्थेला मिळून १०० टीबी केली, त्यामुळे सगळीकडे साफसफाई जोरात होती. दोनशे व्हिडिओ गेले. लिंक अजून अर्ध्या जिल्ह्याच्या नोटीसबोर्डवर आहेत, उघडल्या की रिकामं पान.

वैयक्तिक ड्राइव्हवरची फाइल त्या माणसाची असते, माणूस गेला की फाइल गेली. संस्थेच्या खात्यात 'शेअर्ड ड्राइव्ह' हा वेगळा प्रकार आहे, तिथे मालकी गटाची राहते. डीन, प्राचार्य जे कोण असतील त्यांच्याकडून तेवढं एक बटण चालू करून घ्या. मूडलही (ऑनलाइन वर्ग चालवायचं सॉफ्टवेअर) चांगलं आहे, फुकट आहे, पण त्याला सर्व्हर लागतो आणि सर्व्हरकडे बघणारा माणूस लागतो. तो माणूस कंत्राटी असतो आणि मार्चमध्ये त्याचं कंत्राट संपतं.

---

अर्धा_प्रबंध

पीएचडी करतोय, शेवटचं वर्ष (हे मी तिसऱ्यांदा म्हणतोय). संदर्भांसाठी झोटेरोत (संदर्भ साठवायचं सॉफ्टवेअर) गट काढा. फुकटात फाइलींना ३०० एमबीच मिळतात, पण नुसत्या नोंदी कितीही ठेवता येतात आणि चौघांना एकच यादी दिसते. केगावकर, तुमच्या शेजारीच राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे, कोरडवाहूवर लिहिताय तर सांगोल्याचं डाळिंब सोडू नका. आणि मोहोळहून निघालेली मालदांडी म-३५-१ घाला. ज्वारीची भाकरी खाऊन तिचं नाव संदर्भात नाही, हे बरं दिसत नाही.

स्वयमबद्दल (केंद्राच्या ऑनलाइन अभ्यासक्रमांबद्दल) कुणी बोललं नाही म्हणून. २०१६ च्या नियमात २० टक्के श्रेयांक तिथून घेता यायचे, २०२१ पासून ४० टक्क्यांपर्यंत. विद्यापीठाने आणि कॉलेजने तो अभ्यासक्रम मान्य केलेला असला पाहिजे, हे आधी विचारा. माझ्या मित्राने परीक्षेची फी भरली, पास झाला, आणि मग कार्यालयात कळलं की यादीत तो विषयच नाही.

---

बार्शी_लाइट

बरं. मी माघार घेतो, पण अटी आहेत. नाव पहिल्या पानावर आणि प्रत्येक पानाच्या तळाला. बीवाय-एसए, काकांसाठी एनसी सोडलं. आणि उलट्या बाणाची आकृती मी स्वतः दुरुस्त करून देणार, दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही.

---

केगावकर

मंजूर. परवा रात्री डॉक उघडला. सांगोल्याचे सर धाग्यावर नाहीत, त्यांनी फोनवर होकार दिला आणि ५३ चा आकडा स्वतः 'उपयुक्त साठा' लिहून दुरुस्त केला. मॅडमची १८ पानं आली, कन्नड शब्दांसकट. तेलुगू कुणी देणार का? पूर्व भागातलं कुणी वाचत असेल तर सांगा. चौघांचं मिळून ११२ पानं होती, सारखं असलेलं काढल्यावर ४६ उरली. पीडीएफ २.८ एमबी. फाइलचं नाव 'सोलापूर-पाणी-कोरडवाहू-आवृत्ती-१', एसटीपास ताईंच्या भीतीने.

कच्ची प्रत खाली जोडली आहे. झेनोडोवर रविवारी चढवू, तोवर चुका काढा.

---

एसटीपास

मोहोळच्या स्टँडवर उघडली, लगेच आली. 'पर्जन्यछाया' शोधलं, सापडलं, पान ६.

सर, पान ११ वर 'मान नदी' लिहिलंय. माण पाहिजे. आमच्या शेतापासून दोन किलोमीटरवर आहे.

---

केगावकर

दुरुस्त केलं. आभारात नाव घालायचंय, काय लिहू?

---

एसटीपास

खरं नाव निरोपात पाठवते सर. रोल नंबर पण लागतो का?